श्रेयनामावली संपल्यावर

राजाला हरवलं. घोडं एकदाचं गंगेत न्हालं.
काळ्या पडद्यावरून नावं वर सरकत गेली,
ज्यांनी गवत रंगवलं त्यांची,
ज्यांनी गवताची सळसळ रेकॉर्ड केली त्यांची,
आणि 'समाप्त' ही अक्षरं उमटली तेव्हा
कुशिरोच्या बस आगारात नऊ सत्तावीस झाले होते,
बाहेर धुकं असं की माझीच बस मला दिसेना.

बटण दाबलं तर पुन्हा आपलं घर.
तीच खाट, तोच कुंडीतला निवडुंग,
आई ओट्यापाशी पाठमोरी. म्हणते,
"आलास? दम घे जरा."
शहाण्णव तासांपूर्वीही हेच म्हणाली होती.
जग वाचल्याचं तिला कुणी कळवलेलंच नाही.

मग आता करायचं काय?

पहिल्या गावच्या गवतात जाऊन पाहिलं.
तिथले जीव अजून दुसऱ्या-तिसऱ्या पातळीचे.
माझा शेवाळी साळू चौऱ्याऐंशीवर पोचलेला,
तो नुसता शिंकला तरी पळत सुटतात.
पळू दिलं.
पुलावरची छत्रीवाली बाई, जिला मी एप्रिलात हरवलं,
अजून तिथंच उभी. म्हणते, "पुन्हा खेळू या का?"
खेळलो. पुन्हा हरली. छत्री काही मिटली नाही.

अंडी उबवली.
सायकल गोल गोल फिरवायची, दोन हजार पावलं झाली की
टरफल तडकतं, आतून कुणीतरी डोळे चोळत येतं.
मी सव्वीस वर्षं चौदा नंबरची फेरी मारतोय,
स्टेशन ते जुनं बर्फगोदाम, बर्फगोदाम ते स्टेशन.
अजून काही तडकलेलं नाही.

नोंदवहीत तीनशे बारा खण. तीनशे अकरा भरले.
उरलं ते खारकासवाचं मोठं रूप.
आणि खारकासव एकट्याच्या हातात मोठं होत नाही,
कितीही लढवा, कितीही चारा.
ते दुसऱ्याला देऊन टाकावं लागतं, समोरासमोर बसून.

आता मी कुणाला देणार?
बायको हाकोदातेला, बहिणीकडे. फोन केला तर
आधी विचारेल, रक्तदाबाची गोळी घेतलीस का.
आगारातला मियाजिमा फक्त घोड्यांच्या शर्यती बघतो.

मंगळवारी शेवटच्या बसला कान्ना असते.
पाचवीतली, अबॅकसच्या क्लासहून येणारी,
दप्तराला माझाच साळू लोंबकळतो, एक डोळा निघालेला.
बर्फगोदामाच्या थांब्यावर आई येईतो ती बसमध्येच बसते,
आई मासळीच्या कारखान्यातून सुटते त्यावर सगळं.
मी इंजिन बंद केलं, टोपी काढली,
आणि सत्तावन्नाव्या वर्षी एका मुलीला
चाचरत विचारलं, "तुझ्याकडे जागा आहे का एका कासवाला?"

बदल्यात तिनं चौथ्या पातळीचा एक भुंगा दिला.
माझ्या पडद्यावर फक्त इतकंच आलं: पाठवलं.
ओरडली ती. कवच उघडलं म्हणे,
आत समुद्र होता म्हणे, पांढरा.
मी बघायला वाकलो तोवर उजेड संपला होता.
"याचं नाव 'चौदा'? हे काय नाव आहे, काका?"
नाव बदलता येत नाही. ज्यानं धरलं त्याचंच राहतं.

धुक्यात हॉर्न वाजला. दप्तर, छत्री, धावपळ.
"पुढच्या मंगळवारी देते!"
दार मी उघडलं होतं, मीच बंद केलं.

खण अजून रिकामा आहे.
भुंग्याचं नाव तिनं 'भागाकार' ठेवलंय.
साळूला पेटीत झोपवून भागाकारला पुढं केलं,
पहिल्या गावच्या गवतात गेलो,
आणि त्याच दुसऱ्या पातळीच्या किड्यानं
आम्हाला असं काही बदडलं
की हात घामेजले, एप्रिलासारखे.
हरलो. पडदा काळा.
उठलो तर घर, निवडुंग, ओट्यापाशी पाठमोरी आई.

"आलास? दम घे जरा."

घेतो, म्हटलं. मोठ्यानं.
मियाजिमानं शर्यतीवरून मान वर केली.